कर्वे रोडच्या आतला जॅमपॅड: बँड असेल किंवा काढायचा असेल तर वाचा

चार स्टार. पाचवा का कापला ते खाली सांगतो.

हा जॅमपॅड, म्हणजे बँडच्या प्रॅक्टिससाठी तासावर भाड्यानं मिळणारी जागा, पुण्यात कर्वे रोडवरून आत गल्लीत जुन्या बिल्डिंगच्या बेसमेंटला आहे, बोर्ड वगैरे काही नाही, झेरॉक्सवाल्याच्या शेजारचा जिना उतरायचा. दोन रूम आहेत. छोटीच्या नादी लागू नका, ड्रमरचं कोपर थेट गिटारवाल्याच्या बरगडीत जातं. मोठीत पाच जण आरामात मावतात, एसी चालतो, आणि बाहेर आवाज जवळजवळ जात नाही म्हणजे वरच्या मजल्यावरच्या आजी खाली येऊन दार वाजवत नाहीत, जे आमच्या आधीच्या जागी दर रविवारी ठरलेलं होतं.

ड्रमकिटबद्दल जरा सविस्तर लिहितो कारण पुण्यातल्या बऱ्याच जॅमपॅडवर तिथेच बोंब असते. किकच्या (पायानं वाजवायच्या मोठ्या ड्रमच्या) पेडलला चिकटपट्टी, हाय-हॅट (झांजांची जोडी) घट्ट बसत नाही, स्नेअर (समोरचा छोटा ड्रम) वाजवला की डबा बडवल्यासारखा आवाज. इथे स्किन (ड्रमवरचे पडदे) बदललेल्या असतात, किटखाली जाड सतरंजी आहे त्यामुळे किक पुढे सरकत नाही, स्टूलसुद्धा डुगडुगत नाही. क्रॅशला, म्हणजे मोठ्या झांजेला, कडेला एक चीर गेलीये पण वाजवताना फारसं कळत नाही. मालक दादा स्वतः ड्रमर आहेत, ते दिसतंच.

आणि बँड काढायचा तर ड्रमर आणि जागा या दोन गोष्टी आधी लागतात, गिटारवाले काय, कॉलेजच्या कट्ट्यावर ढिगानं मिळतात. आयर्लंडचा रॉक बँड यू टू बघा ना. १९७६ साली डब्लिनच्या माउंट टेंपल शाळेत नोटीस बोर्डवर बँडसाठी पोरं हवीत अशी चिठ्ठी लावली ती लॅरी मलननं, म्हणजे ड्रमरनं, वय वर्षं १४. पहिली प्रॅक्टिस त्याच्या घरच्या स्वयंपाकघरात. अ‍ॅडम क्लेटनकडे बेस होता पण वाजवता धड येत नव्हता, बाकीच्यांचंही फार बरं नव्हतं, दुसऱ्यांची गाणी नीट बसेनात म्हणून स्वतःची करायला लागले. आधी नाव होतं फीडबॅक, मग हाइप, १९७८ मध्ये यू टू. त्याच वर्षी मार्चमध्ये लिमरिकच्या स्पर्धेत पहिले आले, ५०० पौंड आणि डेमो (नमुन्याची गाणी) रेकॉर्ड करायची संधी मिळाली. पोरांनी स्पर्धेला नाकं मुरडू नयेत एवढंच म्हणतो, फिरोदिया करंडकाच्या, म्हणजे पुण्यातल्या कॉलेजांच्या स्पर्धेच्या, तयारीत आपल्याकडे कितीतरी वाजवणारे एकमेकांना भेटलेत.

मला यातला सगळ्यात आवडलेला भाग पुढचा आहे. १९७९ मध्ये यू टूनं डब्लिनच्या डँडेलियन मार्केटमध्ये शनिवारी दुपारचे शो केले, कारण पबमध्ये अठराच्या खालच्या पोरांना येता येत नव्हतं आणि यांचा पब्लिक तर तोच होता. म्हणजे भर दुपारी फॅन जमवले राव. त्याच सप्टेंबरमध्ये पहिली ईपी (मोजक्या गाण्यांची छोटी रेकॉर्ड) आली, फक्त आयर्लंडमध्ये, सुरुवातीला १००० कॉपी, १९८० ला आयलंड रेकॉर्ड्स या कंपनीनं साइन केलं आणि ऑक्टोबरला पहिला अल्बम. डिसेंबर २०१९ ला नवी मुंबईत डी. वाय. पाटील स्टेडियमवर वाजवायला आले तेव्हाही तेच चौघं.

तर सांगायचा मुद्दा, या जॅमपॅडलाही दुपारचा स्लॉट आहे, सोमवार ते शुक्रवार चारपर्यंत, स्टुडंट्सना रेट जवळजवळ निम्मा. संध्याकाळी आमच्यासारखे ऑफिसवाले येतात, एकाला हिंजवडीतून निघायलाच उशीर होतो आणि पैसे मात्र पूर्ण तासाचे जातात. परवा सुट्टी होती म्हणून दुपारी गेलो तर आमच्या आधी कॉलेजची पोरं होती. बेसवाला मान वर करायला तयार नाही, नजर फ्रेटवर खिळलेली, गाणारी मुलगी मोबाइलवर शब्द बघतेय आणि कोरसला यायचं की सगळे वेगवेगळ्या ठिकाणी. ड्रमवालीनं स्टिक मांडीवर ठेवल्या, म्हणाली गिटार बंद, फक्त बेस आणि मी, आणि तेवढाच तुकडा परत परत घेतला. बसला हो शेवटी! दादांनी वेळ संपल्यावरही त्यांना दोन मिनिटं दिली, आमच्या वेळातली दिली, पण ते जाऊ दे.

रेकॉर्डिंगला जायच्या आधी इथे तास घाला, स्वस्त पडतं. लेड झेपलिन हा इंग्लिश रॉक बँड ऑगस्ट १९६८ मध्ये लंडनला जेरार्ड स्ट्रीटच्या एका बेसमेंटमध्ये पहिल्यांदा एकत्र वाजले, मग स्कँडिनेव्हियात शो करून गाणी पक्की केली आणि पहिला अल्बम साधारण ३६ तासांच्या स्टुडिओ टाइममध्ये उरकला, खर्च त्यांचा गिटारवाला जिमी पेज आणि मॅनेजर पीटर ग्रँटच्या खिशातून होता म्हटल्यावर कोण टाइमपास करणार. आपल्याकडे लोक स्टुडिओत जाऊन ब्रिज (गाण्याचा मधला जोडणारा तुकडा) कसा घ्यायचा यावर भांडतात, मीटर चालू.

आता कापलेला स्टार. बेस अँपला घूं असा आवाज येतो, अर्थिंगचा लोचा आहे, सांगून महिने झाले, दरवेळी 'या आठवड्यात इलेक्ट्रिशियन येतोय' हेच उत्तर. केबल स्वतःच्या न्या, तिथल्या हलवल्या की खरखरतात. माइक शिट्टी मारायला लागला तर स्पीकरचं तोंड थोडं बाहेरच्या बाजूला फिरवा आणि मिड (मधल्या पट्टीच्या आवाजाचं बटण) कमी करा, आवाज वाढवत बसू नका.

पार्किंग टू-व्हीलरपुरतं. गणपतीच्या आधी बुकिंग मिळत नाही, आठवडाभर आधी फोन करा, मेसेजला रिप्लाय येत नाही. रात्री दहाला म्हणजे दहाला बंद, मेन स्विचच पाडतात, त्यामुळे शेवटचं गाणं पावणेदहालाच घ्या.