हॅपीव्हेल: शेपटीच्या छायाचित्रावरून देवमासा ओळखणारी सेवा

हॅपीव्हेल या संकेतस्थळाचे काम थोडक्यात सांगता येते. आपण काढलेले देवमाशाचे छायाचित्र तारीख आणि ठिकाणासह तेथे पाठवायचे, आणि तो नेमका कोणता प्राणी आहे व यापूर्वी कोठे, कधी दिसला होता, हे त्यांनी शोधून आपल्याला कळवायचे. टेड चीझमन यांनी २०१५ मध्ये सुरू केलेली ही सेवा विनामूल्य आहे. पुढे तोच प्राणी दुसऱ्या कोणाला दिसला तर त्याचीही सूचना ईमेलने मिळते. पर्यटकाला यात मौज वाटते हे खरे, पण या सेवेचे मूल्यमापन मौजेपेक्षा तिच्यातून जमा होणाऱ्या माहितीवरून करायला हवे, असे मला वाटते.

हंपबॅक जातीचा देवमासा खोल बुडी मारताना शेपटी पाण्याबाहेर उचलतो आणि तिची खालची बाजू क्षणभर पूर्ण दिसते. तेथील काळ्या-पांढऱ्या रंगाची मांडणी, मागच्या कडेचे दाते आणि ऑर्काच्या (किलर व्हेलच्या) दातांनी पडलेले ओरखडे यांचा मेळ प्रत्येक प्राण्यात वेगळा असतो. प्राण्याला न पकडता, न मारता त्याची ओळख पटवण्याची ही पद्धत १९७० च्या दशकात रुजली. त्याच सुमारास संशोधक मायकल बिग यांनी कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावरील ऑर्कांची नोंद पाठीवरचा पर आणि त्यामागचा राखाडी डाग पाहून केली, तर रॉजर पेन यांनी अर्जेंटिनाच्या किनाऱ्याजवळील राइट व्हेल त्यांच्या डोक्यावरील खरखरीत चट्ट्यांवरून ओळखले. अडचण होती ती जुळवणीची. २००४ ते २००६ या काळात ‘स्प्लॅश’ या संयुक्त प्रकल्पाने उत्तर पॅसिफिकमधील हंपबॅकची अठरा हजारांहून अधिक छायाचित्रे गोळा केली आणि त्यांतून सुमारे आठ हजार प्राणी वेगळे ओळखले. पण प्रत्येक शेपटी डोळ्यांनी ताडून पाहण्याचे ते काम अतिशय वेळखाऊ होते.

हॅपीव्हेलने ही कोंडी संगणकाकडून सोडवून घेतली. छायाचित्रांचा संच खुल्या स्पर्धेसाठी ठेवण्यात आला, जगभरातील प्रोग्रामरांनी त्यावर डोके चालवले, आणि २०१९ मध्ये संपलेल्या त्या स्पर्धेतून निघालेली जुळवणीची पद्धत आज या सेवेचा कणा आहे. छायाचित्र बऱ्या दर्जाचे असेल तर ती ९७ ते ९९ टक्के वेळा योग्य प्राणी शोधते. अंधुक, तिरप्या किंवा अर्धवट बुडालेल्या शेपटीबाबत अर्थातच ही खात्री राहत नाही.

या सेवेची खरी कमाई २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या उत्तर पॅसिफिकच्या नोंदसंचात दिसते. त्यात हंपबॅक दिसल्याच्या १,५७,३५० नोंदींमधून २७,९५६ प्राणी स्वतंत्रपणे ओळखलेले आहेत, आणि त्या नोंदींमध्ये संशोधन संस्थांच्या बरोबरीने हजारो सामान्य निरीक्षकांचा वाटा आहे. पुढच्याच वर्षी याच साठ्यावरून केलेल्या अभ्यासाने सगळ्यांना विचारात पाडले. व्यापारी शिकार थांबल्यापासून वाढत आलेली उत्तर पॅसिफिकमधील हंपबॅकची संख्या २०१२ च्या सुमारास ३३ हजारांच्या पुढे पोहोचली होती, ती २०२१ पर्यंत साडेसव्वीस हजारांच्या आसपास उतरल्याचा अंदाज निघाला. या घसरणीचा संबंध संशोधकांनी २०१४ ते २०१६ मधील सागरी उष्णतेच्या लाटेशी आणि त्यामुळे आटलेल्या अन्नाशी जोडला आहे. शिकार न होताही सुमारे सात हजार देवमासे कमी होतात, हे वर्षानुवर्षे त्याच त्या प्राण्यांची नोंद राहिल्यामुळेच कळू शकले. एखाद्या हंगामात बोटीवरून केलेल्या मोजणीला ते दाखवता आले नसते.

उणिवाही स्पष्ट सांगायला हव्यात. ही सेवा मनाने हंपबॅकची आहे. २०२२ मधील दुसऱ्या स्पर्धेत सुमारे तीस जातींची छायाचित्रे घेऊन पाठीवरच्या परावरून ओळख पटवण्याचा प्रयत्न झाला. तरीही फिन व्हेलसारखा प्राणी शेपटी क्वचितच वर काढतो, आणि बॉटलनोज डॉल्फिनची ओळख परावरच्या खाचांवर अवलंबून असल्याने कोवळ्या, बिनखाचांच्या पिल्लांपुढे ही पद्धत फारशी चालत नाही. डॉल्फिन हाच ज्यांचा मुख्य विषय आहे, त्यांनी येथून फार अपेक्षा ठेवू नये. दुसरी मर्यादा भूगोलाची. जेथे पर्यटकांच्या बोटी जातात तेथून छायाचित्रे येतात. हिवाळी, वादळी किंवा दूरच्या समुद्रातून ती येत नाहीत. त्यामुळे एखाद्या प्राण्याच्या नकाशावरील बिंदू त्याच्यापेक्षा माणसांच्याच वावराबद्दल अधिक सांगत असतात, आणि दोन बिंदूंमधला प्रवास तर कोणीच पाहिलेला नसतो. सांख्यिकी पद्धतींनी ही विषमता बरीचशी सावरता येते, पण नकाशा पाहणाऱ्या हौशी वाचकाने तो जपूनच वाचावा.

तरीही ज्यांच्याकडे हंपबॅकच्या शेपटीचे स्वच्छ छायाचित्र आहे, त्यांना ही सेवा मी निःसंकोच सुचवेन. पाठवण्यापूर्वी कॅमेऱ्यातील तारीख-वेळ बरोबर आहे ना ते पाहावे, ठिकाण शक्य तितके नेमके द्यावे, चित्र कापताना शेपटीची मागची कड शाबूत ठेवावी, आणि पूर्ण काळी, वैशिष्ट्यहीन दिसणारी शेपटीही वगळू नये, कारण दात्यांची रेघ तेथेही कामाला येते. जुन्या सहलींची छायाचित्रे तर आवर्जून पाठवावीत. २०१३ मध्ये कोलंबियाच्या पॅसिफिक किनाऱ्याजवळ टिपलेला एक नर हंपबॅक २०२२ मध्ये पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यालगतच्या झांझिबारजवळ ओळखला गेला. पृथ्वीच्या पृष्ठभागावरून हे अंतर किमान १३,०४६ किलोमीटर भरते, आणि ते मोजता आले ते नऊ वर्षांपूर्वीच्या छायाचित्राला तारीख आणि ठिकाण जोडलेले होते म्हणून.