दादरची डीव्हीडी लायब्ररी : हिरो सोडून बाकीच्यांसाठी

घरचा डीव्हीडी प्लेअर अजून चालत असेल तरच पुढे वाचा. रानडे रोडच्या मागच्या गल्लीतली ही लायब्ररी पाटीवरून सापडणार नाही, पाटी कधीच गंजून पडली. खालच्या झेरॉक्सवाल्याला विचारा, तो वर बोट दाखवेल. जिना अरुंद आहे. पंखा एकच, तोही लायब्ररी चालवणाऱ्या काकांच्या डोक्यावर.

मी मालिकांत इन्स्पेक्टर, डॉक्टर, मुलीचा मामा असली कामं करतो. त्यामुळे सिनेमा बघताना नजर आधी हिरोच्या शेजारी कोण उभं आहे तिकडे जाते. ॲपवर अशा माणसाचं नाव टाकलं की भलत्याचेच सिनेमे पुढ्यात येतात. इथे काकांची वही आहे. लांबट, लाल कापडी बांधणीची, वाणी उधारीला वापरतो तसली. नोंदी नटवार. मुख्य भूमिका निळ्या शाईत, बाकीच्या लाल.

ब्राझीलचा 'सिटी ऑफ गॉड' (२००२) परत करताना मी त्यातल्या गाजर नावाच्या ड्रग्जवाल्याची चौकशी केली.

"बसा इन्स्पेक्टर," म्हणाले, आणि वही उघडली. मातेउस नाख्टरगेल, साओ पाउलो.

त्या सिनेमातली बहुतेक पोरं रिओच्या वस्त्यांतली, कार्यशाळा घेऊन तयार केलेली. त्यांच्यात मुरलेला नट हा. पण तो आपलं मुरलेपण कुठे मिरवत नाही, पोरांच्याच पट्टीत बोलतो. हे किती अवघड असतं ते नवख्यांबरोबर सीन केलेल्यालाच कळेल. आमच्याकडे असा सीन मिळाला की सीनियर आधी स्वतःचा क्लोज-अप मागतात.

मग मागे मागे गेलो. 'फोर डेज इन सप्टेंबर' (१९९७) हा १९६९ मध्ये अमेरिकन राजदूताला पळवलं त्यावरचा सिनेमा. त्यात हा जोनास, अपहरणकर्त्यांचा कडक म्होरक्या. लगेच पुढच्या वर्षी 'सेंट्रल स्टेशन'मध्ये गावाकडचा सुतार इझायस. बर्लिन चित्रपट महोत्सवात सुवर्ण अस्वल या सिनेमाला आणि अभिनयाचं रौप्य अस्वल फर्नांदा मोन्तेनेग्रोला मिळालं, ते योग्यच. पण पत्राचा प्रसंग बघा. भावांना वाचता येत नाही, म्हणून इझायस परागंदा बापाचं पत्र डोराला (मोन्तेनेग्रोची भूमिका) वाचायला देतो आणि ती त्यात तिच्याबरोबर आलेल्या धाकट्या भावाचं नाव पदरचं घालते. नाख्टरगेलला तिथे काम काय, तर ऐकायचं. आदल्या वर्षी हुकूम सोडणारा हाच माणूस, हे पटत नाही.

आणि काकांची डिस्क नेमकी तिथेच अडकते. फडक्याने पुसली, उलटसुलट केली, शेवटी प्रसंग तुकड्यातुकड्यांत बघितला. भाड्याचे पैसे परत मागितले तर "दुसरी न्या" म्हणाले. हे काही बरोबर नाही.

वहीत त्याची निळी नोंदही आहे : 'ओ आउतो दा कोम्पादेसिदा' (२०००). आधी १९९९ ची टीव्ही मालिका, मग तीच कापून सिनेमा; मूळ आरियानो सुआसुनाचं नाटक. यातला जुआंव ग्रिलो म्हणजे वगातला अस्सल सोंगाड्या : उपाशी, थापाड्या, शेठ आणि पाद्री दोघांना गंडवणारा, मेल्यावर देवाच्या दरबारातही हुज्जत घालणारा. एवढं गाजूनही पुढच्या नोंदी परत लाल. गाजर त्यानंतरचंच. 'आमारेलो मांगा' (२००२) मध्ये ब्राझीलमधल्या रेसिफे शहरातल्या एका कळकट हॉटेलातला दुंगा, तोही त्यानंतरचाच. आमच्यात एकदा नायक झालेला माणूस पुन्हा मामा व्हायला तयार होत नाही.

'आमारेलो मांगा'ची नोंद वहीत आहे, डिस्क नाही. काका "मागवलीय" म्हणतात, कधी विचारा, मागवलेलीच असते.

डिपॉझिट ५०० रुपये, भाडं ४०, सगळं रोख. दुपारी १ ते ४ बंद. उशीर झाला तर दंड नाही, पण पुढचा सिनेमा काका निवडतात, आणि त्यांना हंगेरियन फार आवडतात.