नागीण: श्रीदेवीची आणि मालिकेतली
१९८६च्या ‘नगीना’त श्रीदेवीला शेपटी नव्हतीच. डोळ्यांत रंगीत लेन्स, ताणलेली मान, हातांचा फणा आणि समोर पुंगी फुंकणारा अमरीश पुरी, एवढ्यावर बाईची नागीण व्हायची. (खरा साप पुंगीच्या सुरावर नाही, तिच्या हालचालीवर डोलतो; पण ते असू दे.) २०१५ साली ‘कलर्स’वर ‘नागिन’ मालिका आली आणि मौनी रॉयला कमरेखाली संगणकानं शेपटी चिकटवली. आता सगळं दिसतं, प्रेक्षकाला कल्पना करायला काही उरत नाही. मालिकेच्या बाजूनं एक मात्र खरं: सूड उगवायला नागिणीला सिनेमातल्या दोन-अडीच तासांऐवजी अख्खे सीझन मिळाले. तरी अंगावर काटा श्रीदेवीच्या नजरेनंच यायचा. त्या शेपटीला आमच्या घरातली पोरं हसायची.