बेडकांच्या नावांचा घोळ सोडवायला याच्यासारखी साईट नाही

पावसाळ्यात रात्री टॉर्च घेऊन सह्याद्रीत बेडूक बघत फिरणाऱ्या सगळ्यांनी ही साईट बुकमार्क करून ठेवा. ॲम्फिबियन स्पीशीज ऑफ द वर्ल्ड, म्हणजे जगभरच्या बेडकांसारख्या उभयचरांच्या शास्त्रीय नावांची यादी, न्यूयॉर्कच्या अमेरिकन म्युझियम ऑफ नॅचरल हिस्टरीची, डॅरेल फ्रॉस्ट यांनी वर्षानुवर्षं सांभाळलेली, आणि अगदी फुकट. 1985 ला हे जाडजूड छापील पुस्तक होतं.

मी जास्त करून निक्टिबॅट्रॅकिडी फॅमिलीसाठी वापरतो, म्हणजे आपले नाईट फ्रॉग, जे जगात फक्त पश्चिम घाट आणि श्रीलंकेत सापडतात. हे आधी रॅनिडी या मोठ्या कुटुंबात कोंबलेले होते, मग 2006 ला खुद्द फ्रॉस्ट आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या मोठ्या पेपरात वेगळी फॅमिली धरली गेली, आणि 2019 ला वायनाडच्या कुरिचियारमलात पोटाला नारिंगी आणि अंगभर ठिपके असलेला ॲस्ट्रोबॅट्रॅकस हा बेडूक मिळाला तर त्याच्यासाठी नवी सबफॅमिलीच (उपकुटुंब) करावी लागली. हा सगळा प्रवास वर्षांसकट एकाच पानावर वाचायला मिळतो.

मला सगळ्यात आवडतं ते नावापुढचं बारीक काम. जातीला पहिल्यांदा नाव देणाऱ्याचं आडनाव आणि साल तिथे असतं, आणि जीनस (नावातला पहिला शब्द, म्हणजे प्रजाती) नंतर बदलला असेल तर ते कंसात जातं. श्रीलंकेच्या लंकानेक्टिस कॉरुगेटसपुढे पीटर्स, 1863 हे कंसात आहे, कारण पीटर्सने त्याला राना या जीनसमध्ये टाकलं होतं, आताचा जीनस 2001 चा. आपल्या महाराष्ट्रातल्या निक्टिबॅट्रॅकस हुमायुनीपुढे भादुरी अँड कृपलानी, 1955 असं बिनकंसाचं, म्हणजे जीनस तेव्हापासून तोच. एका कंसात एवढं कळतं! (हुमायुनी म्हणजे पक्षीतज्ज्ञ हुमायून अब्दुलअली.)

कमी काय, तर फोटो नाहीत, आवाज नाहीत, नवख्या माणसाला पान रुक्ष वाटणारच. 2017 ला नाईट फ्रॉगच्या सात नवीन जाती आल्या, त्यातल्या चार अंगठ्याच्या नखावर मावतील एवढ्या, पण इथे नाव वाचून तो आकार डोळ्यापुढे येत नाही. हुमायुनीचा नर मादीला मिठी न मारता हात पानावर टेकवून तिच्या पाठीवर बसतो, मग बाजूला होतो आणि त्यानंतर ती अंडी घालते, हे 2016 च्या पेपरातलं भन्नाट वर्तनही इथे शोधू नका. फोटो, माहिती हवी तर बर्कलीच्या विद्यापीठाची ॲम्फिबियावेब बघा, दोन्ही सोबत वापरलेलं बरं.

माझ्याकडून पाचपैकी साडेचार. आणि जुन्या फील्ड गाईडमधलं नाव असेल तरी बिनधास्त तेच सर्चमध्ये टाका, आता कुठलं नाव चालतं त्या पानावर ही साईट बरोबर नेऊन सोडते.