आवाजाला जागणारा स्फटिक हवाय : गारगोटी, रोशेल सॉल्ट की पिझो डिस्क?

माझ्या भाचीने एक गोष्ट लिहिलीय. सह्याद्रीतल्या एका गुहेत नादमणी नावाचा दुर्मिळ स्फटिक सापडतो, त्याच्यासमोर गायलं की तो आवाज पितो आणि उजेड देतो, अशी. आता शाळेच्या विज्ञान प्रदर्शनात तिला त्याचं मॉडेल करायचंय आणि आत खरोखर आवाजाला जागणारं काहीतरी हवंय, नुसतं बटण दाबून पेटणारा दिवा तिला नकोय. महिनाभर आम्ही यावर डोकं लावलं, तर जे कळलं ते लिहितो, कुणी असंच काही करायला घेत असेल तर उपयोगी पडेल.

असे स्फटिक खरे असतात. दाबलं की वीज देतात. पिएर क्युरी आणि त्याचा भाऊ जाक यांनी १८८० साली हे दाखवलं, आणि ज्यांच्यावर दाखवलं त्यात क्वार्ट्झ, टूर्मलिन, पुष्कराज, रोशेल सॉल्ट आणि चक्क उसाची साखरसुद्धा होती. आवाज म्हणजे हवेतला कमीजास्त होणारा दाबच, त्यामुळे आवाजानेही वीज तयार होते.

पण किती होते ते आधी बघा, कारण सगळा निर्णय त्यावरच आहे. आपण साधं बोलतो तो आवाज साधारण ६० डेसिबल, म्हणजे एका चौरस मीटरवर वॅटचा दहा लाखावा भाग. २७ मिलिमीटर व्यासाच्या पिझो डिस्कवर, म्हणजे बझरमधल्या चकतीवर, त्यातली अर्ध्या नॅनोवॅटच्या आसपास ऊर्जा पडते. ढोल-ताशाच्या अगदी जवळ १०० डेसिबल धरले तरी सहाएक मायक्रोवॅट, आणि एलईडी नीट पेटायला काही मिलीवॅट लागतात, म्हणजे पडलेली सगळीच्या सगळी ऊर्जा वीज झाली तरी शेकडो पटीने कमी. गाऊन दिवा पेटवणं गोष्टीतच शक्य आहे. भाचीला हे सांगताना मला वाईट वाटत होतं, पण तिने शांतपणे विचारलं, मग त्याला ऐकू तरी येतं ना? हो, ऐकू येतं, आणि छान येतं.

आता पर्याय. क्वार्ट्झ म्हणजे आपली गारगोटीच. लहानपणी अंधारात दोन पांढऱ्या गारगोट्या घासून आतून उजेड निघताना बघितला असेल तर तीच. दख्खनच्या बेसाल्टमधल्या पोकळ्यांत सुंदर स्फटिक मिळतात, सिन्नरच्या गारगोटी म्युझियममध्ये एकदा मुलांना न्याच. दिसायला नादमणी हाच, पाण्याने विरघळत नाही, उन्हाने बिघडत नाही. पण एक न्यूटन जोर दिला तर हा साधारण २.३ पिकोकूलोम, म्हणजे नावापुरताच, विद्युतभार देतो, आणि तोही ठरावीक दिशेने कापलेला एकसंध स्फटिक असेल तर. नदीकाठच्या गारगोटीत बारीक कण सगळ्या दिशांना तोंडं करून असतात, एकाचं दुसऱ्याने पुसलं जातं, त्यामुळे तारा लावून हाती काही लागत नाही. क्वार्ट्झची खरी ताकद न डगमगता एका लयीत कंप पावण्यात आहे. बंद पडलेलं भिंतीवरचं घड्याळ उघडा, आत तांदळाच्या दाण्याएवढी धातूची नळी दिसेल, तिच्यात सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरणारा क्वार्ट्झचा चिमटा असतो. आणि कुणी 'क्रिस्टल'चे गाणारे वाडगे ध्वनिऊर्जेसाठी विकत असेल तर पैसे घालवू नका, ते क्वार्ट्झ वितळवून बनवतात, वितळल्यावर आतली रचना मोडून काच होते आणि हा गुण राहतच नाही.

रोशेल सॉल्ट. माझा जीव यातच अडकलाय. फ्रान्समधल्या ला रोशेल गावच्या एका औषधवाल्याने सतराव्या शतकात हे बनवलं, जुलाबाचं औषध म्हणून, आणि पुढे याच मिठाचे मायक्रोफोन आणि रेकॉर्ड प्लेयरचे पिकअप निघाले. चिंचेच्या आंबटपणामागे जे टार्टारिक आम्ल असतं त्याचंच हे क्षार. बेकरीच्या सामानात मिळणारं क्रीम ऑफ टार्टर गरम पाण्यात ढवळायचं, त्यात धुण्याचा सोडा चिमूट चिमूट टाकत राहायचं, फसफसणं थांबलं की गाळायचं आणि न हलवता थंड होऊ द्यायचं. काही दिवसांत तळाला खडे दिसतात, त्यातला एक चांगला निवडून दोऱ्याला बांधून नव्या द्रावणात सोडला की तो वाढतो. भाची रोज शाळेतून आली की दप्तर टाकायच्या आधी बरणी बघायची. समोरासमोरच्या बाजूंना फॉइल लावून तारा छोट्या अँप्लिफायरला जोडल्या, नखाने टिचकी मारली आणि स्पीकरमधून टक् आवाज आला, त्या टकला ती जी ओरडली ते मी विसरणार नाही.

पण हा फार नाजूक. पाण्यात विरघळतो, दमट हवेत पृष्ठभाग खराब होतो, साधारण ५५ अंशाच्या पुढे मोडतो, म्हणजे मे महिन्यात बंद गाडीत विसरलात तर गेला. शिवाय २४ अंशाच्या जवळपास हा सगळ्यात तिखट कानाचा असतो, खोली तापली की मंदावतो. कोकणात पावसाळ्यात प्रदर्शन असेल तर याच्या वाटेला जाऊ नका. डिसेंबर-जानेवारीत असेल तर जरूर करा, हवाबंद डब्यात ठेवा.

पिझो डिस्क बहुतेकांना माहीत असते, बझरमध्ये किंवा गाणाऱ्या ग्रीटिंग कार्डात असते ती पितळी चकती. वरचा पांढरा थर पीझेडटी नावाच्या सिरॅमिकचा, क्वार्ट्झपेक्षा शंभर पटीहून जास्त प्रतिसाद देणारा. इलेक्ट्रॉनिक्सच्या दुकानात अगदी स्वस्त मिळते, हवामानाचं काही नाही, बोटाने ठोकली तर एलईडी क्षणभर लुकलुकतोसुद्धा. स्वयंपाकघरातला खट् करणारा गॅस लायटरही याच जातीचा. दोन गोष्टी सांभाळा. सोल्डर पटकन करा, थर जास्त तापला तर गुण घालवतो. आणि त्यात वजनाने ६० टक्क्यांच्या आसपास शिसं असतं, तेव्हा मुलांना ती फोडू, घासू देऊ नका. मनाला खटकतं ते एवढंच की ही दिसते चकती, स्फटिक नाही.

मग घ्यायचं काय? हातात आठवडाच असेल किंवा हवा दमट असेल तर डिस्क, विचार नको. तीन-चार आठवडे आहेत, थंडी आहे आणि मुलाला वाट बघण्याची गोडी आहे तर रोशेल सॉल्ट, कारण स्वतः वाढवलेल्या खड्याची सर विकतच्या कशालाच नाही. क्वार्ट्झ फक्त दिसण्यासाठी.

आम्ही शेवटी दोन्ही केलं. वर काचेत तिने वाढवलेला खडा, टिचकी मारून ऐकायला, आणि खाली लाकडी पेटीला चिकटवलेली डिस्क, तिच्या मागे अँप्लिफायर, पेटीवर तोंड ठेवून गायलं की बॅटरीवरचा एलईडी आवाजाबरोबर कमीजास्त होतो. तक्त्यावर भाचीने स्वतःच्या अक्षरात लिहिलंय : ऐकतो स्फटिक, उजेड बॅटरीचा. गोष्टीत मात्र तिने काही बदललेलं नाही, तिथे नादमणी अजूनही एकटाच पेटतो.