रस्त्याच्या कागदावर सही करण्याआधी हे वाचा, माझी चूक तुम्ही करू नका

शेतात जायला शेजारच्या बांधालगतचा रस्ता आम्ही वडिलांच्या वेळेपासून वापरतोय, म्हणजे ३० वर्षं तर सहज झाली असतील. बैलगाडी गेली, नंतर ट्रॅक्टर गेला, कधी कुणी अडवलं नाही. शेजाऱ्यांना आम्ही काका म्हणायचो, घरोबा होता, म्हणूनच हे जास्त लागलंय.

एके दिवशी काका स्टॅम्प पेपर घेऊन घरी आले. म्हणाले, बँकेचं लोन करायचंय, मॅनेजर म्हणतो जमिनीवर रस्त्याचा वाद नाही असं शेजाऱ्याकडून लिहून आणा, फॉर्म्यालिटी आहे फक्त. टाईप केलेला मजकूर होता, दीड पान. मी वरवर नजर फिरवली, "वाद नाही" एवढं दिसलं, सही केली, झेरॉक्ससुद्धा मागितली नाही.

त्यात एक ओळ होती: "सदर रस्ता मी पहिल्यापासून आपल्या परवानगीने वापरत आलो असून त्यावर माझा कोणताही हक्क नाही."

लोनबिन काही नव्हतं. तीन महिन्यांत काकांनी जमीन विकली आणि नव्या मालकाने रस्त्यात चर खणून तारेचं कुंपण टाकलं. मी काकांकडे धावलो तर ते म्हणाले, "अरे मी बोलतो त्याच्याशी, तू लगेच तहसीलला पळू नकोस, संबंध बिघडतात, महिनाभर थांब." महिन्याचे दोन झाले, दोनाचे पाच, दर वेळी नवीन कारण, कधी तो गावाला गेलाय, कधी मोजणी होऊ दे. मी माल डोक्यावर वाहिला पण थांबलो. वकिलाकडे गेलो तेव्हा सातवा महिना चालू होता.

वकिलांनी पहिला प्रश्न विचारला, रस्ता बंद कधी झाला? मामलतदार न्यायालय अधिनियम १९०६ च्या कलम ५ खाली चालू रस्ता अडवला तर तहसीलदार अडथळा काढायचा हुकूम देऊ शकतात, पण दावा अडवल्यापासून ६ महिन्यांच्या आत लागतो. माझी ती मुदत काकांच्या "थांब"मध्ये गेली. हे त्यांना माहीत होतं, कारण व्यवहारातल्या मध्यस्थानेच नंतर सांगितलं की रस्त्याचा वाद उभा राहिला नाही तरच शेवटचा हप्ता मिळणार होता. ऐकून दोन दिवस जेवण गेलं नाही.

मग वकिलांनी कागद बघितला (समोरच्यानेच नोटिशीच्या उत्तराला जोडला होता) आणि डोक्याला हात लावला. १८८२ च्या सुखाधिकार कायद्यात (दुसऱ्याच्या जमिनीतून जाण्यायेण्यासारख्या हक्कांचा कायदा) कलम १५ प्रमाणे २० वर्षं उघडपणे, शांतपणे, खंड न पडता आणि हक्क म्हणून रस्ता वापरला तर वहिवाटीचा हक्क मिळतो, दिवाणी दावा मात्र रस्ता बंद झाल्यापासून २ वर्षांच्या आत लावावा लागतो. सगळा खेळ "हक्क म्हणून" या दोन शब्दांचा आहे. परवानगीने वापरलं की ती नुसती मुभा, ती मालक काढून घेऊ शकतो, आणि जमीन विकली तर नव्या मालकावर ती बंधनकारकही राहत नाही. म्हणजे त्या एका ओळीने वडिलांची ३० वर्षंच पुसायला काढली. सगळ्यात घातक शब्द "पहिल्यापासून", तो नसता तर निदान मागची वर्षं तरी सांगता आली असती.

आता दिवाणी दावा टाकलाय, सही फसवून घेतली हे सिद्ध करायचं ओझं माझ्यावर आहे आणि साक्षीदार म्हणून सही करणारे दोघे काकांचेच. शिवाय महसूल संहितेच्या कलम १४३ खाली बांधावरून नवीन रस्ता मिळावा म्हणून तहसीलदारांकडे अर्ज केलाय, त्यात जुन्या वापराचा हक्क सिद्ध करावा लागत नाही, शेतात जायची गरज आणि दुसरा रस्ता आहे का हे बघतात. स्थळ पाहणी झाली, निकाल बाकी आहे.

ज्यांचा रस्ता दुसऱ्याच्या जमिनीतून जातो त्यांना कळकळीने सांगतो, शेजारी कितीही जवळचा असो, कागदात परवानगी, मर्जी, तात्पुरता, हक्क नाही यातला एक जरी शब्द दिसला तर सही करू नका, आधी वकिलाला दाखवा. आणि शेजाऱ्याची रस्ता द्यायची खरंच इच्छा असेल तर गट नंबर, रुंदी आणि कुठून कुठपर्यंत हे टाकून दस्त रजिस्टर करून घ्या, नोटरीवर थांबू नका. गाव नकाशाची नक्कल आजच काढा, त्यावर वाट दाखवलेली असेल तर तो मोठा आधार असतो. जुनी खरेदीखतं बघा, चतुःसीमेत (जमिनीच्या चारी बाजूंना काय आहे ते लिहितात तिथे) रस्त्याचा उल्लेख सापडतो कधीकधी, मला आजोबांच्या खरेदीखतात सापडला, पश्चिमेस "वहिवाटीचा गाडीरस्ता" असं लिहिलंय, तेवढ्यावरच सध्या आमचे वकील लढतायत. रस्ता अडवला त्याच दिवशी फोटो काढा, तारीख लिहून ठेवा, आणि बोलणी करायची तर खुशाल करा पण अर्ज आधी टाका, सहा महिने कसे जातात कळतही नाही.

ज्यांच्याकडे असा कागद येऊन पडलाय आणि अजून सही केलेली नाही, त्यांनी आज रात्री तो पुन्हा एकदा शांतपणे वाचा.