शेळ्या घ्याव्यात की मेंढरं?

कागलकडच्या भाच्याचा फोन आला: "मामा, शेड बांधून झालं, आता आत काय घालू?" मटणासाठीच पाळायचंय म्हटल्यावर आधी वेताचा हिशोब. दोन्हींचा गाभणकाळ पाच महिन्यांचाच. पण उस्मानाबादी शेळीला जुळी सहज होतात, दख्खनी मेंढी बहुधा एकावरच थांबते. जुळं हवंच असेल तर फलटणची 'नारी सुवर्णा' जातीची मेंढी आहे.

चाऱ्याचं म्हणाल, तर शेळी पाला ओरबाडते, दावणीलाही राहते. मेंढराला खाली मान घालून चरायला रान लागतं, मागे फिरणारा माणूसही. मात्र शेतात मेंढरं बसवली की खताचे पैसे वेगळे. गगनबावड्याच्या पावसात दोघांचेही हाल. ओल्या जमिनीत मेंढरांचे खूर कुजतात. आंत्रविषाराची, म्हणजे आतड्यात विष होऊन जनावर दगावतं त्या रोगाची, लस दोघांनाही पावसाळ्याआधीच.

आता पारख. बाजारात नुसतं वजन बघू नका, पाणी पाजूनही पोट फुगवतात. शेवटच्या बरगडीमागे, मणक्यावर हात ठेवा. हाडं टोचली तर जनावर कच्चं, बोटाला मांस भरीव लागलं तर तयार. मेंढराची लोकर फसवते, बोटं आत खुपसावीच लागतात. बोकडाची चरबी जास्त करून पोटात, गुर्द्याभोवती साठते, मेंढराची कातड्याखालीही. तांबड्या-पांढऱ्या रश्शासाठी आमच्याकडं बोकडच मागतात, हेही धरा.

भाच्याचं शेड बंदिस्त, रान अर्धा एकर, माणूस एकटा. त्याला मी शेळ्याच सांगितल्या. शिरोळकडं मोकळी रानं आणि घरात राखणारं कुणी असेल, तर मेंढरं परवडतात.